अंगणातलं गाणं सुरतेपर्यंत गेलं, आता पुढे काय?

वाचकाचं पत्र, थोडक्यात

जळगाव जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावाहून २६ वर्षांच्या मुलीने लिहिलं आहे. पदवीनंतर ती गावातल्या केबल वाहिनीत पॅनल सांभाळते, म्हणजे कोणत्या कॅमेऱ्याचं चित्र कधी दाखवायचं ते ठरवणारं यंत्र चालवते. कीर्तन सप्ताह, टेनिस बॉल क्रिकेटचे सामने, रथ, शाळांची गॅदरिंग, सगळं ती थेट दाखवते. गेल्या आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, तिने एक वेगळा प्रयोग केला. तीन घरांच्या अंगणांत कॅमेरे लावले आणि झोक्यावरची गाणी दोन-अडीच तास थेट दाखवली. निवेदक नाही, मुलाखत नाही. एका अंगणातलं गाणं संपलं की दुसऱ्या अंगणाने उचलायचं.

मध्ये एका अंगणाचं कनेक्शन दहा मिनिटं गेलं, तेव्हा वाहिनीचा लोगो आणि संगीत लावावं लागलं. पण खरी गडबड वेगळीच झाली. एका सुनेने नणंदेचं नाव गुंफून कडवं म्हटलं. नणंद सुरतेत, उधन्याला असते. तिने ते मोबाइलवर पाहिलं. दोन घरांत अबोला धरला गेला आणि वाहिनीच्या मालकाने रेकॉर्डिंग काढून टाकलं. भुसावळहून गार्ड म्हणून निवृत्त झालेले वडील म्हणतात, बँकेची परीक्षा दे. घरात स्थळांची बोलणी चालू आहेत. मुंबईच्या एका मराठी वृत्तवाहिनीत पॅनल प्रोड्युसरची जागा मिळते आहे. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट-टीव्हीचं शिक्षण देणाऱ्या संस्थेचाही विचार मनात आहे. तिचा प्रश्न असा: "मला थेट प्रक्षेपणात नवे प्रयोग करणारी निर्माती-दिग्दर्शिका व्हायचंय. खान्देशातून असं कुणी होतं का? आणि जिचा पहिलाच प्रयोग भांडणात संपला, तिने हे मनात तरी आणावं का?"

उत्तर

मला ताई म्हणून लिहिलंस, म्हणून तुला अगं-तुगं करते.

तुझ्या पत्रात भांडणाची गोष्ट सगळ्यात शेवटी, दोन ओळींत आहे. नोकरीचा प्रश्न मात्र दोन पानं. मी भांडणापासून सुरुवात करते, कारण तुझ्या पुढच्या सगळ्या कामाचं मर्म मला तिथेच दिसतं.

आखाजीला माहेरी आलेली पोरगी झोक्यावर बसली की तिला काहीही म्हणायची मुभा असते. सासू, दीर, नणंद, नवरा, कुणी सुटत नाही. वर्षभर पोटात ठेवलेलं त्या दिवशी चालीत बसवून बाहेर काढायचं. घरी राहिलेल्या सुनाही त्यात आवाज मिसळतात, आणि ऐकणाऱ्यांतल्या ज्येष्ठ बायका पदर तोंडाला लावून हसतात. ही मुभा कशावर टिकून असते? कोण ऐकतंय हे गाणारीला ठाऊक असतं, यावर. अंगणाची भिंत, दारातल्या चार शेजारणी, झोका देणारी जाऊ, एवढाच तिचा श्रोता. तू कॅमेरा लावलास आणि भिंत उधन्यापर्यंत सरकली. गाणारी तीच, कडवंही कदाचित दरवर्षीचंच. ऐकणारं माणूस बदललं, आणि ते तिला कुणी सांगितलं नव्हतं.

तू लिहितेस, "घरमालकांची परवानगी घेतली होती." घेतली असशील. पण घरमालक झोक्यावर बसले नव्हते. जी गाणार होती तिला तू विचारलंस का? नुसतं "लाइव्ह आहे बरं का" असं नाही. "हे आत्ता सुरतेत, कल्याणला, पुण्यात दिसणार आहे, तुझ्या सासरचेही बघतील," असं स्पष्ट शब्दांत. पत्रात त्याचा उल्लेख नाही, म्हणून विचारते आहे. तू निष्काळजी आहेस असं मला वाटत नाही. निष्काळजी मुलगी हे पत्र लिहीतच नाही. पण सप्ताह आणि सामने दाखवताना हा प्रश्न येत नाही. कीर्तनकार आणि फलंदाज लोकांसमोर उभे राहायला आलेलेच असतात. झोक्यावरची बाई तशी आलेली नसते. तू सार्वजनिक गोष्टीकडून घरातल्या गोष्टीकडे कॅमेरा वळवलास, तुझ्या प्रयोगातला खरा नवेपणा तोच होता, आणि धोकाही नेमका तिथेच होता.

म्हणून पहिलं काम नोकरीचं नाही. त्या सुनेकडे जा. कॅमेरा, मोबाइल काही न घेता जा. आधी नणंदेला फोन करू नकोस, दोन्ही घरांच्या पुरुषांना बसवून समेट घडवायला जाऊ नकोस. आधी तिलाच विचार की तिला काय हवंय. कदाचित तिला तू नणंदेशी बोलावंस असं वाटेल. कदाचित तिला कुणीच काही बोलू नये असं वाटेल. ती सांगेल तसं कर. आणि ते रेकॉर्डिंग तुझ्याकडे मूळ स्वरूपात असेल, तर त्याचं काय करायचं हेही तिला विचार. मालकाने ते काढलं ते वाहिनीच्या भल्यासाठी. तिचं म्हणणं अजून कुणी ऐकलेलं नाही.

आता तुझ्या स्वप्नाबद्दल. तू "निर्माती-दिग्दर्शिका" असा जोडशब्द सहज लिहितेस, पण पत्र वाचताना मला सतत वाटत राहिलं की तुला त्यातली फक्त दिग्दर्शिका दिसते आहे. पॅनलवर बसून "दोन स्टँडबाय, टेक दोन" म्हणण्याची ओढ तुझ्या ओळीओळीत आहे. ती खरी आहे. मी स्वतः काही वर्षं पीसीआरमध्ये, म्हणजे प्रक्षेपणाच्या नियंत्रण कक्षात, काढली आहेत, त्या खोलीतली ती झिंग मला माहीत आहे. पण त्या आखाजीला जे बिघडलं त्यातलं काहीच दिग्दर्शनाचं नव्हतं. परवानगी कुणाची घ्यायची, लाइन गेली तर काय दाखवायचं, तक्रार आली तर कोण बोलणार, रेकॉर्डिंग कुणाच्या मालकीचं, ही सगळी निर्मात्याची कामं. आणि जे जमलं त्यातलंही निम्मं निर्मात्याचंच होतं. तीन घरं राजी करणं, तीन कॅमेरे जमवणं, मालकाकडून सणाच्या दिवशी अडीच तास मोकळे मिळवणं, हे तू एकटीने केलंस. त्याबद्दल पत्रात तू परवानगीच्या एका ओळीपलीकडे काही लिहिलेलं नाहीस, इतकं ते तुला क्षुल्लक वाटतं. मला ते क्षुल्लक वाटत नाही. थेट प्रक्षेपणात प्रयोग करायची मोकळीक ज्याला मिळते, त्याने आधी "काही झालं तर मी आहे" हे लोकांना पटवलेलं असतं. कल्पना पुष्कळांकडे असतात. जबाबदारीला पुरून उरणारं माणूस शोधावं लागतं.

दुसरं एक गृहीत तुझ्या प्रश्नातच बसलेलं आहे. "खान्देशातून असं कुणी होतं का?" म्हणजे खरा टीव्ही मुंबईत, इथे चालतं ते त्याचं लहान रूप. जरा मागे जाऊन बघ. आपल्या देशात टीव्ही आला तोच मुळी प्रायोगिक सेवा म्हणून, १५ सप्टेंबर १९५९ ला, दिल्लीत. रोजचं प्रसारण सुरू व्हायला १९६५ उजाडलं. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ चं. त्या सुरुवातीच्या काळात बरंचसं काम स्टुडिओतून थेटच होई, हाताशी साधनं मोजकी, आणि करणारे सगळे शिकत शिकत करणारे. तू केबलच्या खोलीत करतेस तेच.

आणि मुंबई-दिल्लीबाहेरचं उदाहरण हवं असेल तर ते आपल्या शेजारीच आहे. गुजरातेत खेडा जिल्ह्यातल्या पीज गावी १९७५ साली इस्रोने एक किलोवॅटचा छोटा ट्रान्समीटर बसवला. गावोगावी सामूहिक टीव्ही संच ठेवले आणि त्या एका जिल्ह्यासाठी वेगळे कार्यक्रम होऊ लागले. शेती, मजुरी, जातीचा जाच, बायकांचं जगणं, असे विषय. गावातलीच माणसं आणि त्यांच्याच बोलीचा बाज. तिथे सारं काही थेट नव्हतं, पण एक जिल्हा स्वतःशी टीव्हीवर बोलू शकतो हे त्या लोकांनी दाखवून दिलं. १९८४ साली या प्रकल्पाला ग्रामीण संवादासाठी युनेस्कोचा पुरस्कार मिळाला. पीजहून नवापूर काही परदेश नाही. तुझ्याकडे आज जे स्विचर आणि मोबाइलचं जाळं आहे ते त्यांच्याकडे नव्हतं. त्यांच्याकडे जे होतं ते म्हणजे गावात जाऊन बसायला वेळ, आणि विषय गावकऱ्यांशी बोलून ठरवायची शिस्त. तुला उणीव भासली तर ती तिथली भासू दे.

त्या दहा मिनिटांबद्दल तू फार शरमून लिहिलं आहेस. लाइन जाते. मोठ्या वाहिन्यांची जाते, सामन्यांची जाते. १ जानेवारी १९८४ ला नाम जून पाइक या कलावंताने न्यूयॉर्क आणि पॅरिस उपग्रहाने जोडून थेट कार्यक्रम केला, त्यातही तांत्रिक घोटाळे झाले, आणि तरी तो कार्यक्रम आज या क्षेत्रात मोलाचा मानला जातो. मला खटकलं ते लाइन जाणं नाही. तुझ्याकडे दोन अंगणं शाबूत होती, तरी तू लोगो लावलास. का? मला वाटतं, त्या क्षणी दोन्ही अंगणांत "काहीच चाललेलं नव्हतं." कुणी पाणी पीत असेल, कुणी मुलाला पाजत असेल, रिकामा झोका नुसता हलत असेल. तुला भीती वाटली की प्रेक्षक जातील. (पाजणाऱ्या आईवरून कॅमेरा काढायचा हे सांगायला नको. झोक्यावरून काढायची गरज नव्हती.)

नॉर्वेच्या एनआरके या सार्वजनिक वाहिनीने जून २०११ मध्ये किनाऱ्याने जाणारी प्रवासी बोट बर्गनपासून किर्केनेसपर्यंत सलग १३४ तास थेट दाखवली. पाणी, डोंगर, ढग, बंदर, पुन्हा पाणी. लोक कंटाळले नाहीत. बोट आपल्या गावावरून जाणार म्हणून ते धक्क्यावर येऊन हात हलवत उभे राहिले, काही जण छोट्या होड्या घेऊन सोबत निघाले. बघणारे स्वतःच कार्यक्रमात शिरले. आणि हे एकदम झालं नाही. त्याआधी २००९ साली त्यांनी बर्गन ते ओस्लो हा सात तासांहून मोठा रेल्वेप्रवास दाखवला होता, तो आधी चित्रित केलेला होता. लोक बघतात हे कळलं, मग थेटची जोखीम घेतली. प्रयोग करणाऱ्यांनी हा क्रम नीट पाहावा असं मला वाटतं.

आपल्याकडे असं दाखवण्याजोगं किती आहे! सावदा-रावेरकडे रात्री चाललेली केळीची भराई. सारंगखेड्याच्या यात्रेत घोड्यांच्या बाजारातली पहाट. कानबाई या देवीच्या सणातली रोटांची रात्र आणि दुसऱ्या दिवशीची मिरवणूक. कार्तिकी एकादशीचा जळगावचा रथ तर सगळेच दाखवतात, पण चाकाखाली मोगरी (लाकडी ठोकळा) लावणाऱ्या माणसाच्या हातांवर सबंध वेळ एक कॅमेरा कुणी ठेवला आहे का? रथ वळतो तो त्या हातांनी. सातपुड्यात काठी गावच्या होळीला जावंसं वाटेल, पण तिथे आधी पाहुणी म्हणून जा, दोन-तीन वर्षं नुसती जा. तो आदिवासींचा उत्सव आहे आणि दाखवायचा की नाही, किती दाखवायचा, हे त्यांनी ठरवायचं.

आता तुझ्या समोरच्या वाटा. तू त्या एकमेकींच्या विरोधात उभ्या केल्या आहेस: मुंबई म्हणजे पोट, खान्देश म्हणजे प्रयोग. मला ही मांडणी पटत नाही. "प्रयोगशील थेट दिग्दर्शक पाहिजे" अशी जाहिरात कुठेच निघत नाही, निघणारही नाही. हे काम करणारे बहुतेक जण रोजच्या कामाच्या आत जागा करून ते करत आले. बॉस्टनच्या डब्ल्यूजीबीएच या सार्वजनिक वाहिनीत फ्रेड बार्झिक नावाचे निर्माते-दिग्दर्शक होते. ते वाहिनीचे नोकरदार. १९६९ साली त्यांनी पाइकसह सहा कलावंतांना वाहिनीची यंत्रं वापरायला दिली आणि त्यातून झालेलं काम सार्वजनिक टीव्हीवर दाखवलं. पुढच्याच वर्षी पाइक यांनी त्या वाहिनीतून चार तासांचा थेट प्रयोग केला. हे शक्य झालं कारण आत एक असा माणूस होता, ज्याच्या हातात यंत्रं सोपवायला वाहिनी घाबरत नव्हती. तो विश्वास रोजचे साधे कार्यक्रम वेळेवर, नीट काढून मिळवावा लागतो.

या दृष्टीने मुंबईची जागा वाईट नाही. वृत्तवाहिनीत दिवसाला जितके तास थेट जातं तितकं दुसरीकडे कुठेच मिळत नाही. रनडाउन (कार्यक्रमाचा ठरलेला क्रम) हलत असताना डोकं शांत ठेवणं, टॉकबॅकवर (कॅमेरामन वगैरेंशी बोलायच्या हेडफोनवर) कमी शब्दांत बोलणं, फोनो (फोनवरची मुलाखत) कापला तर पुढचं काय हे आधीच तयार असणं, अॅस्टनवर (पडद्यावरच्या नावाच्या पट्टीवर) नाव चुकलं तर ते पाच सेकंदांत कोण सुधारणार हे माहीत असणं, याचा सराव तुझ्या गावात वर्षाकाठी जेवढा होतो तेवढा तिथे आठवड्यात होईल. निवडणुकीच्या निकालाच्या दिवशी त्या खोलीत नुसतं मागे उभं राहिलीस तरी खूप शिकशील.

पण होकार देण्याआधी विचारून घे. रुजू झाल्यावर मी पीसीआरमध्ये बसणार की डेस्कवर? पॅनल प्रोड्युसर या नावाखाली काही ठिकाणी नुसती पाहुण्यांना फोन लावायची कामं करवून घेतात. बाँड आहे का, किती वर्षांचा? रात्रपाळी असेल तर पिकअप-ड्रॉप आहे का? आणि सगळ्यात महत्त्वाचं, नियुक्तिपत्रात बाहेरचं काम करायला बंदी आहे का? बहुतेक ठिकाणी असते. मग आखाजीचा कार्यक्रम तू कोणत्या नात्याने करणार? हे लेखी विचार. "सणाला सुट्टी आणि त्या एका कार्यक्रमाची मुभा" एवढं मिळालं तर जा. ते देत नसतील, पण पीसीआर पक्का असेल, तरी मी म्हणेन जा, दोन वर्षांसाठी. त्या काळात आखाजीला पॅनलवर बसू नकोस, अंगणात बस आणि ऐक. पीसीआरही नाही आणि मुभाही नाही, तर मात्र नाही म्हण. मुंबईत राहून वर्षभर फोन लावण्यापेक्षा तू केबलच्या खोलीत जास्त शिकते आहेस.

वृत्तवाहिनीपेक्षाही मला खेळांचं प्रक्षेपण तुझ्यासाठी जास्त मोलाचं वाटतं. कॅमेरे जास्त, रिप्ले, ग्राफिक, आणि पुढच्या क्षणी काय होणार हे कुणालाच माहीत नसतं. तू टेनिस बॉलचे सामने केले आहेस, कबड्डीही असेलच. त्यातला तुझा चांगला कापलेला वीस मिनिटांचा सलग तुकडा घेऊन खेळांच्या प्रॉडक्शनमध्ये सहायकाचं काम माग. रोजंदारीवर असतं, हंगामी असतं. म्हणजे उरलेला हंगाम तुझा.

एफटीआयआयमध्ये पदवीनंतर दूरचित्रवाणी दिग्दर्शनाचा एक वर्षाचा अभ्यासक्रम आहे. बहुकॅमेरा स्टुडिओवर शिक्षकासमोर काम करायला मिळणं, आणि वर्गात तुझ्यासारखेच वेडे भेटणं, हे तिथलं धन. परीक्षा द्यावी असं मला वाटतं. पण "शिकले नाही म्हणून चुकलं" या भावनेने देऊ नकोस. झोक्यावरच्या बाईला विचारायचं, हे अभ्यासक्रमात आपोआप येत नाही.

बँकेबद्दल एवढंच. घरात पैशाची खरी नड असेल तर बँकेची नोकरी ही शरमेची गोष्ट नाही, सुट्टीच्या दिवशी प्रयोग करणारे लोक मी पाहिले आहेत. पण नड नसताना, केवळ त्या अबोल्याला घाबरून, परीक्षेचा अर्ज भरू नकोस.

वडिलांशी बोलताना "माझं स्वप्न" हा शब्द वापरू नकोस. ते गार्ड होते. गाडी सुटण्याआधी पुढच्या ड्रायव्हरशी ऑल राइटची खूण होते, मगच चाक हलतं, हे त्यांच्या अंगात मुरलेलं आहे. त्यांना एकदा पॅनलच्या खोलीत आणून बसव, कानाला टॉकबॅक लाव. कॅमेरामन, ध्वनीवाला, फ्लोअर मॅनेजर एकामागून एक "रेडी" म्हणतात आणि मग तू सुरू करतेस, हे त्यांना कुणी समजावून द्यावं लागणार नाही. रात्रपाळीची, सणाला ड्युटीची आणि घरापासून लांब मुक्कामाची भीती त्यांना मुलीसाठी वाटते, आणि ती खोटी नाही. म्हणून पिकअप-ड्रॉप, राहण्याची सोय, बरोबर कोण, याची उत्तरं तयार ठेवून बोल.

स्थळांच्या बाबतीत, सुरुवातीलाच एक गोष्ट सांग: माझ्या कामात सण म्हणजे ड्युटी. आखाजीला, कानबाईला, रथाला मी कामावर असेन. हे ऐकून जी मंडळी उठून जातील ती पुढेही अडचण करणारच होती. आणि लग्नाच्या बोलण्यांना मुदत समजून नोकरीचा निर्णय उरकून टाकू नकोस. मुंबईच्या पत्राला उत्तर द्यायची तारीख ही एकच खरी तारीख तुझ्यासमोर आहे.

धुळे, नंदुरबार, चाळीसगावकडूनही अधूनमधून अशी पत्रं येतात. लग्नाच्या शूटिंगपासून सुरुवात करून आता थेट दाखवणारी बरीच मुलंमुली आपल्याकडे आहेत. तेव्हा पुढचं थोडं त्यांच्यासाठीही.

घरगुती प्रसंग दाखवायचा असेल तर दिसणाऱ्या प्रत्येक मोठ्या माणसाला आदल्या दिवशी भेटा. कुठे दिसेल, कोण बघेल, रेकॉर्डिंग किती दिवस राहील, हे त्यांच्या बोलीत सांगा. नाही म्हणणाऱ्यांसाठी अंगणाचा एक कोपरा असा ठेवा की तिकडे कॅमेरा वळणारच नाही, आणि तो सगळ्यांना दाखवून ठेवा. एक खूण ठरवा, डोक्यावरचा पदर पुढे ओढला की शॉट कापायचा. प्रक्षेपण अर्ध्या मिनिटाने मागे ठेवा. बघणाऱ्याला फरक पडत नाही, पण तुमच्या हातात अर्धं मिनिट येतं. आणि पॅनलशेजारी गावातली एक जाणती बाई बसवा, जिला अहिराणी किंवा लेवा बोलीतला टोमणा कुणाला लागतो हे ऐकताक्षणी कळतं. तिने "हे नको" म्हटलं की दुसऱ्या अंगणावर जायचं, वाद नाही. पंचवीस वर्षांच्या तंत्रज्ञाला हे कळत नाही, आजीला कळतं. तिला मानधन द्या आणि शेवटच्या श्रेयनामावलीत तिचं नाव द्या.

नेटवर्कची चाचणी ज्या वेळी कार्यक्रम आहे त्याच वेळी घ्या. सकाळी मिळणारा वेग संध्याकाळी सात वाजता सगळं गाव मोबाइलवर असताना मिळत नाही. दोन वेगळ्या कंपन्यांची सिम ठेवा. आखाजी म्हणजे आपल्याकडचं ऐन ऊन. मोबाइल आणि एन्कोडर (थेट चित्र नेटवर पाठवणारं यंत्र) तापून बंद पडतात, त्यांना कॅमेरामनच्या आधी सावली द्या. यूपीएस पॅनलला, जनरेटर गल्लीच्या टोकाला, नाहीतर त्याचा आवाज गाण्यात येतो. लाइन गेली तर कोणतं चित्र दाखवायचं हे कागदावर आधीच लिहा. लोगो हा शेवटचा पर्याय.

मालकाशी किंवा यजमानांशी करार एका पानाचा असू द्या, पण असू द्या. आगाऊ रक्कम किती, रद्द झालं तर किती, मूळ रेकॉर्डिंग कुणाकडे राहील, काढून टाकायचा निर्णय कोण घेईल. तुझ्या बाबतीत मालकाने तुला न विचारता रेकॉर्डिंग काढलं. त्याचा हेतू चांगला होता आणि निर्णयही कदाचित बरोबर होता, पण तो निर्णय कुणाचा हे आधी ठरलेलं नव्हतं. पुढच्या वेळी ते ठरलेलं असावं.

होकार देण्याआधी मुंबईला बोलायला जाशील तेव्हा अडीच तासांचं रेकॉर्डिंग घेऊन जाऊ नकोस, ते कुणी बघणार नाही, आणि त्या सुनेला विचारल्याशिवाय तू ते दाखवायचंही नाहीस. दोन कागद ने. एकावर त्या संध्याकाळचा रनडाउन, ठरवलेला आणि प्रत्यक्ष झालेला शेजारी शेजारी, लाइन गेली ती वेळ आणि तू काय केलंस यासह. दुसऱ्यावर पुढच्या आखाजीचा रनडाउन, बदललेल्या गोष्टींखाली रेघ ओढून. समोर बसलेला माणूस कधी पॅनलवर बसलेला असेल, तर तो दुसऱ्या कागदावर जास्त वेळ थांबेल. तो कागद तयार झाला की मलाही पाठव. कडवं कुणाच्या नावाने होतं ते त्यात लिहू नकोस.